30 जूननंतर काय?

14 फेब्रुवारी 2020, शुक्रवारची रात्र. म्युन्स्टर शहरात जर्मनीच्या तिसऱ्या डिव्हिजनचा सामना संपत आला होता. प्रॉयसेन म्युन्स्टर आणि वुर्त्सबुर्गर किकर्स यांच्यातली झुंज चिवट चालली होती. वुर्त्सबुर्गचा बचावपटू लेरॉय क्वाद्वो बाजूच्या रेषेपाशी असताना स्टँडमधल्या एकानं माकडासारखे आवाज काढले. क्वाद्वोनं त्या दिशेला बोट दाखवलं आणि रेफ्रीच्या कानावर घातलं. त्यानंतर घडलं ते अशा मैदानांवर क्वचितच घडतं. त्या माणसाच्या अवतीभवती उभे असलेले म्युन्स्टरचेच पाठीराखे पुढे आले, त्यांनी तो माणूस दाखवून दिला, पोलिसांनी त्याला बाहेर काढलं आणि 'नाझींनो, चालते व्हा' या घोषणेनं मैदान दणाणलं. दोन्ही संघांचे खेळाडू क्वाद्वोच्या पाठीवर हात ठेवायला आले.

दुसऱ्या दिवशी जर्मनीभर क्वाद्वोचं नाव झालं. रुहर खोऱ्यातल्या हेर्ने या खाणकामगारांच्या शहरात 1996 साली जन्मलेला, घराण्याचं मूळ घानात असलेला हा मुलगा त्याआधी कोणाला माहीत असण्याचं कारण नव्हतं. आठवड्याभरात बातमी विरली आणि तो पुन्हा तिसऱ्या डिव्हिजनचा बचावपटू झाला.

जर्मन-घानियन फुटबॉलपटूंबद्दल वर्तमानपत्रं दोनच प्रसंगी लिहितात. एक, कोणी त्यांचा अपमान केला तर. दुसरं, जर्मनीकडून खेळायचं की घानाकडून, हा पेच उभा राहिला तर. दोन्ही विषय खरे आहेत, महत्त्वाचेही आहेत. पण तिसऱ्या-चौथ्या-पाचव्या डिव्हिजनमध्ये खेळणाऱ्या पोराच्या डोक्यात वर्षभर घोळणारा प्रश्न तिसराच असतो. जर्मन फुटबॉलचं वर्ष 30 जूनला संपतं, आणि त्याबरोबर करारही. खालच्या डिव्हिजनमध्ये करार बहुधा एका वर्षाचा, फार तर दोन वर्षांचा. 30 जूननंतर काय, हा तो प्रश्न.

कोटबुसची रात्र

या कहाणीचा पाया घातला गेला तो 1980च्या आसपास. घानात 1979 आणि 1981 अशी दोनदा जेरी रॉलिंग्ज यांनी सत्ता उलथवली. 1983 साली दुष्काळ पडला, आणि त्याच वर्षी नायजेरियानं बाहेरच्या लोकांना देश सोडायला लावल्यानं लाखो घानियन माघारी आले. ज्यांना जमलं त्यांनी युरोप गाठला. जर्मनीत हॅम्बर्ग हे त्यांचं सगळ्यांत मोठं ठाणं झालं. बंदरात, साफसफाईत, कारखान्यांत कामं मिळाली; मुलं गल्लीजवळच्या क्लबात जाऊ लागली. जर्मनीत अगदी लहान गावातही नोंदणीकृत क्लब असतो, वर्गणी थोडी असते आणि रविवारी सामना असतो. परदेशातून आलेल्या घराला शेजाऱ्यांशी जोडणारी ती पहिली जागा.

या मुलांच्याही आधीचा म्हणजे अँथनी बाफो. 1965 साली बॉनच्या बाड गोडेसबर्ग भागात जन्मलेला, घानाच्या राजनैतिक अधिकाऱ्याचा मुलगा. कोलोनमधून सुरुवात करून तो ओबरहाउझेन, श्टुटगार्टर किकर्स, फोर्टुना कोलोन अशा दुसऱ्या डिव्हिजनच्या क्लबांतून फिरला, मग फोर्टुना ड्युसेलडॉर्फकडून पुन्हा वरच्या डिव्हिजनमध्ये आला. 1992 च्या आफ्रिका कप अंतिम सामन्यात अबेदी पेले निलंबित असल्यानं घानाचं कप्तानपद बाफोकडे आलं. डकारमधल्या त्या सामन्यात पेनल्टी शूटआउट 11-10 पर्यंत गेला, आणि घानाची शेवटची पेनल्टी चुकली ती बाफोचीच. पुढे तो आफ्रिकी फुटबॉल महासंघात उपसरचिटणीस झाला. पेनल्टी चुकल्यावरही आयुष्य उरतं आणि त्याची सोय वेळीच करावी लागते, हे त्याच्या कारकिर्दीत स्पष्ट दिसतं.

पण खालच्या डिव्हिजनचं खरं रूप दाखवणारा प्रसंग 1997 चा. तेव्हा तिसरी डिव्हिजन म्हणजे रेगिओनाललीगा, चार विभागांत वाटलेली. उत्तर विभागाचा विजेता हॅनोव्हर 96 आणि ईशान्य विभागाचा विजेता एनर्जी कोटबुस यांच्यात दुसऱ्या डिव्हिजनच्या एका जागेसाठी दोन सामने झाले. हॅनोव्हरच्या संघात दोन जर्मन-घानियन पोरं होती. ओटो अद्दो 1975 साली हॅम्बर्गमध्ये जन्मलेला, तिथल्याच लहान क्लबांतून वर आलेला. जेराल्ड असामोआ घानातल्या माम्पाँगचा. आईवडील आधी जर्मनीत गेले, तो 12 वर्षांचा असताना 1990 साली त्यांच्याकडे हॅनोव्हरला आला. पहिला सामना गोलशून्य झाला. परतीच्या सामन्यासाठी कोटबुसला पोचल्यावर अद्दो आणि असामोआ यांच्यावर शिव्यांचा भडिमार झाला, केळी फेकली गेली. मध्येच फ्लडलाइट बंद पडले. सामना कोटबुसनं 3-1 असा जिंकला. हॅनोव्हर आणखी एक वर्ष तिसऱ्याच डिव्हिजनमध्ये राहिला.

या दोघांनी त्या रात्रीबद्दल पुढे अनेकदा जाहीरपणे सांगितलं आहे. मैदानावर एकटं पडल्याची भावना होती; रेफ्री, संघटना, पोलीस यांपैकी कोणीही सामना थांबवला नाही. म्युन्स्टर आणि कोटबुस यांच्यामध्ये 23 वर्षं आहेत. या काळात शिवी देणारा माणूस नाहीसा झाला नाही. बदलला तो त्याच्या शेजारी उभा असलेला माणूस. खालच्या डिव्हिजनमध्ये स्टँड मैदानाला खेटून असतो, गर्दी विरळ असते आणि एकट्यादुकट्याचा आवाज खेळाडूपर्यंत सरळ पोचतो. तिथे शेजारच्या माणसानं तोंड उघडण्याला मोल आहे.

पुढच्या वर्षी, 1998 मध्ये, हॅनोव्हर वर चढला. आणि त्याच वर्षी असामोआच्या हृदयाच्या दोन कप्प्यांमधला पडदा जाड झाल्याचं निदान झालं. खेळ थांबवा, असं जर्मन डॉक्टरांनी सांगितलं. अमेरिकेत तज्ज्ञांनी तपासल्यावर तो अटीवर परतला: जिथे तो खेळेल तिथे मैदानाच्या कडेला डिफिब्रिलेटर तयार ठेवायचा. 1999 मध्ये तो शाल्केला गेला, 29 मे 2001 रोजी जर्मनीकडून पहिला सामना खेळला आणि त्यात गोलही केला. आफ्रिकेत जन्मलेला कृष्णवर्णीय खेळाडू जर्मनीच्या राष्ट्रीय संघात खेळण्याची ती पहिलीच वेळ. 2002 च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात तो बदली खेळाडू म्हणून उतरला. चार वर्षं आधी त्याला खेळ सोडायला सांगितलं होतं.

पाच विजेते, चार जागा

जर्मन फुटबॉलची उतरंड समजल्याशिवाय या पोरांची धडपड समजत नाही. वर बुंडेसलीगा, मग दुसरी बुंडेसलीगा, 2008 पासून एकत्रित तिसरी लीगा. इथपर्यंत सगळे व्यावसायिक. त्याखाली रेगिओनाललीगा, आता चौथी डिव्हिजन, 2012 पासून पाच विभागांत वाटलेली. त्याखाली ओबरलीगा, मग प्रांताच्या, जिल्ह्याच्या, तालुक्याच्या लीग. कागदावर तालुक्यातला क्लब दरवर्षी एक पायरी चढत बुंडेसलीगात पोचू शकतो. व्यवहारात अडतं ते चौथ्या पायरीवर. रेगिओनाललीगांचे विजेते पाच, वर जाण्याच्या जागा चार. म्हणजे आपल्या लीगमध्ये पहिला येऊनही एखादा क्लब दरवर्षी जागच्या जागी राहतो. त्या एका हुकलेल्या जागेबरोबर प्रायोजक जातो, आणि वीस-पंचवीस खेळाडूंचे करार जूनमध्ये पुन्हा टेबलावर येतात.

युरो 2000 मध्ये जर्मनीची दाणादाण उडाल्यावर व्यावसायिक क्लबांना युवा प्रशिक्षण केंद्र चालवणं सक्तीचं झालं. ओझिल, म्युलर, बोआटेंग ही पिढी त्यातून आली. पण केंद्रांतून दर उन्हाळ्यात 19 वर्षांखालील संघ संपवून बाहेर पडणाऱ्या मुलांची संख्या पहिल्या संघातल्या मोकळ्या जागांपेक्षा कितीतरी मोठी असते. मधली पायरी म्हणून क्लबांचे दुसरे संघ असतात. त्यांना तिसऱ्या लीगाच्या वर जाता येत नाही, आणि मैदानावर एका वेळी 23 वर्षांवरचे फक्त तीन खेळाडू चालतात. दुसऱ्या संघातल्या मुलाला वयाच्या तेविसाव्या वर्षी नियमच सांगतो की आता सामान बांध.

मग तो रेगिओनाललीगातला एखादा क्लब शोधतो. या डिव्हिजनमध्ये काही क्लब पूर्णवेळ पगार देतात. काही ठिकाणी सराव संध्याकाळी असतो, कारण दिवसा नोकरी किंवा कॉलेज असतं. करारबद्ध खेळाडू ठरण्यासाठी महिना किमान 250 युरो पुरेत, असा नियम बराच काळ होता. जर्मनीत तेवढ्या पैशांत खोलीचं भाडंही निघत नाही.

जुलै महिन्यात डुइसबुर्गमधल्या वेडाऊच्या क्रीडासंकुलात खेळाडूंच्या संघटनेचं एक शिबिर भरतं. ज्यांचा करार 30 जूनला संपला आणि नवा मिळाला नाही असे व्यावसायिक खेळाडू तिथे एकत्र सराव करतात. प्रशिक्षक असतात, फिजिओ असतो, कसून धावणं असतं, इतर क्लबांशी सरावसामने ठरवले जातात. संघ म्हणावा तर रोज बदलणारा. कोणाला फोन आला की तो निघून जातो आणि बाकीचे त्याला निरोप देऊन पुन्हा धावायला लागतात. तिथे वर्णावरून वा पासपोर्टवरून भेद नाही, सगळे बेकार.

तीन भाऊ आणि दोन झेंडे

बर्लिनच्या वेडिंग भागात एका इमारतीच्या भिंतीवर तीन भावांचं भलंमोठं चित्र रंगवलं गेलं: जॉर्ज, केविन-प्रिन्स आणि जेरोम बोआटेंग. वडील घानाचे, आया दोन आणि जर्मन. पान्के ओढ्याकाठच्या लोखंडी जाळीच्या मैदानात, ज्याला तिथली पोरं पिंजरा म्हणतात, तिघं खेळायचे. धाकटे दोघं जगाला माहीत आहेत. 23 जून 2010 रोजी जोहान्सबर्गमध्ये जेरोम जर्मनीकडून आणि केविन-प्रिन्स घानाकडून खेळला. विश्वचषकात सख्खे वा सावत्र भाऊ समोरासमोर येण्याची ती पहिली वेळ. 2014 मध्ये फोर्टालेझात तेच पुन्हा घडलं.

थोरला जॉर्ज हा तिघांत सर्वांत गुणी, असं धाकटे दोघंच सांगत आले. तो व्यावसायिक झाला नाही. एकच वडील, एकच पिंजरा, एकच क्लब हेर्था. पण जॉर्ज आणि त्याचे भाऊ यांच्यामध्ये काही वर्षांचं अंतर होतं. धाकट्यांना शिस्तीचं केंद्र मिळालं, चुकल्यावर सांभाळून घेणारे लोक मिळाले. भिंतीवरच्या चित्रात तिघांचा आकार सारखा आहे. कारकिर्दींच्या आकडेवारीत जॉर्जचं नाव सापडणार नाही.

देश निवडण्याच्या पेचाचा उगम नियमात आहे. पूर्वी कनिष्ठ गटात एका देशाकडून खेळलेल्याला देश बदलायला 21 वर्षांची वयोमर्यादा होती. जून 2009 मध्ये फिफानं ती काढली, आणि जर्मनीच्या युवा संघांतून वाढलेला केविन-प्रिन्स घानाचा झाला. तेव्हापासून घानाचा फुटबॉल महासंघ जर्मनी, इंग्लंड, नेदरलँड्समधल्या मुलांवर नजर ठेवून असतो. पण नजर पडते ती वरच्या दोन डिव्हिजनवर. चौथ्या डिव्हिजनच्या मुलाला ना फ्रँकफर्टहून जर्मन महासंघाचा फोन येतो, ना आक्राहून घानाचा. दोन देश त्याच्यासाठी भांडत नाहीत. त्याला एक क्लब हवा असतो.

अमेरिकेचा दरवाजा

अशा मुलासाठी गेल्या काही वर्षांत दुसरी वाट रुळली आहे, ती अमेरिकेच्या कॉलेज फुटबॉलची. जर्मनीत मुलांना अमेरिकी कॉलेजांशी जोडून देणाऱ्या एजन्सी आहेत; सामन्यांच्या चित्रफिती पाठवतात, प्रशिक्षकांशी गाठ घालून देतात, त्याचे पैसे घेतात. जर्मनीतल्या प्रशिक्षण केंद्रातून निघालेला, शिस्तीत घडलेला 19 वर्षांचा मुलगा अमेरिकी प्रशिक्षकाला तयार मालासारखा वाटतो.

मराठी घरांना या व्यवहाराचा निम्मा भाग ओळखीचा आहे. एफ-1 व्हिसा, इंग्रजीची परीक्षा, स्कॉलरशिप, पदवीनंतर ओपीटीचं, म्हणजे कामाच्या परवानगीचं, एक वर्ष, हे शब्द पुण्या-नाशिकच्या घरांत एमएसला निघालेल्या मुलांमुळे रोजचे झाले. फुटबॉलपटूला यावर आणखी अटी. कॉलेज क्रीडासंघटना एनसीएए हौशीपणा तपासते: आजवर कोणत्या क्लबकडून किती पैसे घेतले, करार कसला होता, खर्चापेक्षा जास्त मिळालं का. जर्मनीत चौथ्या डिव्हिजनचा किरकोळ करारही इथे अडसर ठरू शकतो. शिवाय शाळा संपल्यावर ठरावीक मुदतीत प्रवेश घेतला नाही आणि तोवर स्पर्धात्मक सामने खेळत राहिला, तर कॉलेजात खेळण्याच्या वर्षांतून कपात होते. म्हणजे बुंडेसलीगाची आशा धरून दोन-तीन वर्षं काढणाऱ्याचा हा दरवाजाही हळूहळू बंद होत जातो. दोन वाटांचा निर्णय अठराव्या-एकोणिसाव्या वर्षीच घ्यावा लागतो, आणि तेव्हा तर प्रत्येकालाच आपण बुंडेसलीगात जाणार असं वाटत असतं.

पैशाचं गणितही सरळ नव्हतं. एनसीएएच्या पहिल्या डिव्हिजनमधल्या पुरुषांच्या संघाला बरीच वर्षं 9.9 पूर्ण स्कॉलरशिप एवढीच मुभा होती, आणि ती वीस-पंचवीस-तीस खेळाडूंमध्ये वाटली जायची. पूर्ण फी माफ होणारा विरळा; बाकीच्यांची अर्धी, पाव. 2025 पासून न्यायालयीन तडजोडीनंतर ही मर्यादा मोडून, तडजोड मान्य केलेल्या कॉलेजांत संघाची संख्याच 28 वर बांधली गेली. स्कॉलरशिप वाढू शकते, जागा मात्र कमी झाल्या. जाहिरातींतून कमावण्याची मुभा 2021 मध्ये कॉलेज खेळाडूंना मिळाली, पण एफ-1 वर आलेल्याला अमेरिकेत काम करण्याची बंधनं असल्यानं परदेशी मुलगा त्यात बहुतेक वेळा बघ्याच राहतो.

खेळही वेगळा. ऑगस्ट ते डिसेंबर एवढाच मोसम, आठवड्यात दोन-दोन सामने, मध्ये बसचा लांबचा प्रवास आणि परीक्षा. घड्याळ 45 मिनिटांवरून उलटं शून्याकडे धावतं. काही अटींवर बाहेर गेलेला खेळाडू पुन्हा आत येऊ शकतो. साहजिकच खेळ धावपळीचा, ताकदीचा होतो. जर्मनीत चेंडू फिरवत सामना खेळवायला शिकलेल्या मुलाला पहिला मोसम जड जातो.

पण जे टिकले त्यांनी कॉलेज फुटबॉलचा चेहरा बदलला. 17 मे 2021 रोजी नॉर्थ कॅरोलायनातल्या केरीमध्ये वेस्ट व्हर्जिनियाच्या मार्शल युनिव्हर्सिटीनं बलाढ्य इंडियानाला जादा वेळेत 1-0 हरवून राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं. गोलमध्ये उभा होता जर्मनीचा ऑलिव्हर झेम्ले. तिथून तो लुइव्हिल सिटी या दुसऱ्या डिव्हिजनच्या क्लबात गेला आणि मग फिलाडेल्फिया युनियनमध्ये. 2024 च्या अंतिम सामन्यात मार्शलला व्हरमाँटनं जादा वेळेतच 2-1 हरवलं. विजयी गोल जर्मनीतून आलेल्या मॅक्सिमिलियन किसेलचा.

पहिला आणि आठवा

जानेवारी 2017 मध्ये अमेरिकेच्या मेजर लीग सॉकरमध्ये कॉलेज खेळाडूंची वार्षिक निवड झाली. तिची यादी या सगळ्या विषयाचा सारांश आहे. पहिला निवडला गेला घानाचा अबू दानलादी. ताकोराडीचा हा मुलगा 'राइट टू ड्रीम' अकादमीचा. टॉम व्हर्नन या इंग्लिश माणसानं 1999 साली घानात काढलेली ही अकादमी मुलांना फुटबॉलबरोबर शाळा देते आणि त्यांतल्या काहींना अमेरिकी शाळा-कॉलेजांत पाठवते. दानलादी कॅलिफोर्नियातल्या शाळेतून यूसीएलएला पोचला आणि मिनेसोटा युनायटेडनं त्याला सर्वांत आधी उचललं. आठवा निवडला गेला युलियान ग्रेसेल, बव्हेरियातल्या नॉयश्टाट अन डेर आइशचा. जर्मनीच्या खालच्या डिव्हिजनमधून तो ऱ्होड आयलंडच्या प्रॉव्हिडन्स कॉलेजात आला होता.

त्या वर्षीचा सर्वोत्तम नवोदित ठरला ग्रेसेल. पुढच्या वर्षी अटलांटा युनायटेडबरोबर त्यानं लीगचं विजेतेपद मिळवलं, 2022 मध्ये अमेरिकी नागरिक झाला आणि 2023 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय संघातून खेळला. दानलादीची सुरुवात झोकात झाली, पण दुखापतींनी त्याची पाठ सोडली नाही. तो नॅशव्हिलला गेला, पुन्हा मिनेसोटात आला. आठव्याची कारकीर्द पहिल्यापेक्षा लांब निघाली. दोघांकडेही एक गोष्ट होती जी जर्मनीतल्या दुसऱ्या संघातून 23 व्या वर्षी बाहेर पडणाऱ्याकडे बहुधा नसते. फुटबॉल थांबला तरी हाताशी राहणारं शिक्षण.

या निवडीतून नाव येणं म्हणजे करार नव्हे. बरेच जण सरावशिबिरातूनच परत पाठवले जातात आणि खालच्या व्यावसायिक लीगमध्ये नशीब आजमावतात. प्रत्येक क्लबला परदेशी खेळाडूंच्या मोजक्या जागा असतात, तेव्हा ग्रीन कार्ड असलेला साधारण खेळाडू नसलेल्या चांगल्या खेळाडूला मागे टाकतो. पदवीनंतरच्या एका वर्षात क्लब मिळाला नाही तर परतीचं विमान ठरलेलं.

पायरीवर उभा असलेला माणूस

जर्मन उतरंड दर वर्षी नवी संधी देते, पण खेळ सुटल्यावर हातात काही देत नाही. अमेरिकी कॉलेज पदवी देतं, पण चार मोसमांनंतर दार लावून घेतं. यातली कुठली वाट शहाणपणाची, हे मुलाच्या पायांतल्या कसबाइतकंच त्या वयात त्याच्याशी खरं बोलणारं कोणी आहे की नाही यावर ठरतं. ज्या घरात आईवडिलांना ना जर्मन लीगची कागदपत्रं कळतात ना अमेरिकी कॉलेजचे अर्ज, तिथे तो माणूस बाहेरून यावा लागतो. एजन्सीला कमिशन हवं असतं, क्लबला जागा भरायची असते.

जेराल्ड असामोआनं शेवटची दोन वर्षं हे काम स्वतः केलं. 2013 मध्ये, पस्तिशीच्या उंबरठ्यावर, तो शाल्केच्या दुसऱ्या संघात परतला आणि चौथ्या डिव्हिजनमध्ये 23 वर्षांवरच्यांसाठीच्या तीन जागांपैकी एक घेऊन पोरांबरोबर खेळला. विश्वचषकाची अंतिम फेरी खेळलेल्या माणसाला त्याची गरज नव्हती. त्याच्या शेजारी उभ्या असलेल्या एकोणीस वर्षांच्या मुलाला होती.

ओटो अद्दोनं त्याचाच व्यवसाय केला. बुंडेसलीगाचं विजेतेपद आणि गुडघ्याच्या एकामागून एक शस्त्रक्रिया यांनंतर तो प्रशिक्षक झाला. काही काळ तो डेन्मार्कच्या नॉर्डशेलान क्लबात होता, जो 2015 च्या अखेरीस 'राइट टू ड्रीम'नंच विकत घेतला होता. मग म्योंशनग्लाडबाख आणि डॉर्टमुंडमध्ये त्याचं काम एकच होतं: युवा संघातून पहिल्या संघाकडे जाणाऱ्या मुलांना सांभाळणं. सगळ्यात जास्त मुलं गळतात ती याच टप्प्यावर.

2022 च्या कतार विश्वचषकात घानाचा प्रशिक्षक अद्दो होता. त्याच्या संघात डॅनियल-कोफी क्येरे होता. आक्रात जन्मून अगदी लहानपणी जर्मनीला आलेला क्येरे हॅनोव्हरला लागून असलेल्या गार्ब्झेनमधल्या टीएसव्ही हावेल्झे या क्लबातून चौथ्या डिव्हिजनमध्ये खेळला, तिथून वेहेन वीसबाडेनसह दुसऱ्या डिव्हिजनमध्ये चढला, मग सांक्ट पाउली आणि फ्रायबुर्ग. घानाच्या त्या बाकावर हॅनोव्हरच्या आसपासच्या खालच्या डिव्हिजनमधून वर आलेली दोन माणसं होती, एक सत्तेचाळीस वर्षांची, एक सव्वीसची.

क्येरेला एका उन्हाळ्यात तिसऱ्या डिव्हिजनच्या क्लबानं करार दिला नसता, तर ही ओळ लिहिलीच गेली नसती. त्याच्याइतकाच चांगला खेळणारा आणि त्या उन्हाळ्यात फोन न आलेला कोणीतरी आज हॅनोव्हरच्या गोदामात कामाला असेल, किंवा ओहायोच्या एखाद्या कॉलेजात अकाउंटन्सीचा पेपर देत असेल. खेळाच्या गुणवत्तेबद्दल बोलताना आपण वरच्या नावांवरून निष्कर्ष काढतो. जर्मन-घानियन फुटबॉलचा निकाल मात्र दर वर्षी 1 जुलैला खाली लागतो, आणि तिथे अद्दोसारखी माणसं जितकी वाढतील तितका तो बरा लागेल.